कालुंदर : पायरीखालचं जोडपं

खाडीकाठची
२७ एप्रिल, रात्री ९.१०

आमच्या परसामागे काळावल खाडीचा एक लहानसा फाटा येतो. पाण्यात उतरायला जांभ्या दगडाच्या पायऱ्या आहेत. शेवटची पायरी सुकतीलाही, म्हणजे पूर्ण ओहोटीलाही, उघडी पडत नाही, गुडघाभर पाणी राहतंच तिथे. गेले अठरा दिवस मी सकाळ-संध्याकाळ त्या पायरीवर काय चाललंय ते बघते आहे आणि वहीत लिहून ठेवते आहे. ते सगळं इथे सांगायचं आहे. शेवटी एक विनंतीही आहे.

कालुंदर आपल्यातल्या बहुतेकांना ठाऊक आहे तो तव्यावरचा. चपटा, पानासारखा गोलसर, हिरवट राखाडी, अंगावर सात-आठ काळसर उभे पट्टे आणि जवळजवळ प्रत्येक खवल्यावर मोत्यासारखा एक पांढरा ठिपका. साधारण वीत-भराचा मिळतो, चांगला वाढला तर चाळीस सेंटिमीटरपर्यंत जातो. गोड्या पाण्यात राहतो, खाडीच्या मचूळ पाण्यात राहतो, खारं पाणीही सोसतो. शास्त्रीय नाव एट्रोप्लस सुरातेन्सिस. सिक्लिड नावाच्या मोठ्या माशांच्या घराण्यातला हा मासा. आफ्रिकेतल्या तळ्यांत आणि दक्षिण अमेरिकेतल्या नद्यांत या घराण्याच्या शेकडो जाती आहेत. भारतात मूळच्या फक्त तीन, आणि त्यातला एक आपल्या खाडीत आहे.

आता वहीतलं.

९ एप्रिलला सकाळी दोन कालुंदर पायरीच्या बाहेरच्या कडेला तोंड घासताना दिसले. शेवाळ खातायत असं वाटलं, कारण मोठा कालुंदर खातोच मुख्यतः शेवाळ आणि पाणवनस्पती. पण ते वीतभर जागेतच घासत होते, आणि दुसरा कुणी मासा जवळ आला की दोघांपैकी एक त्याच्यावर धावून जायचा. ११ तारखेपर्यंत तेवढा दगड असा स्वच्छ झाला की त्याचा लालपणा वरून दिसायला लागला.

१२ ला दुपारी अंडी. मादी दगडाला पोट लावून हळूच पुढे सरकायची, मागोमाग नर. पुन्हा मादी, पुन्हा नर. तासाभराहून जास्त वेळ हे चाललं होतं. अंडी एकावर एक नाहीत, एका थरात, शेजारी शेजारी, लांबट दाण्यांसारखी. प्रत्येक अंडं एका टोकाला बारीक धाग्याने दगडाला धरलेलं असतं. मोजता आली नाहीत, पण काहीशे नक्की होती.

पुढचे चार दिवस दोघांपैकी एक कायम अंड्यांवर. छातीचे पर आळीपाळीने हलवत पाण्याचा झोत अंड्यांवर सोडत राहायचा. दुसरा हातभर अंतरावर पहाऱ्याला. मग अदलाबदल. मध्येच एखादं अंडं पांढरं पडलं की ते तोंडाने वेचून काढायचे. पांढरं म्हणजे मेलेलं, त्यावर बुरशी येते आणि शेजारच्या अंड्यांना लागते. जिवंत अंडी दिवसागणिक काळपट होत गेली.

१६ ला सकाळी दगड रिकामा! मला वाटलं, खाल्ली कुणीतरी. मग पायरीच्या बाजूला चिखलात वाटीएवढे तीन-चार खड्डे दिसले. ते आधीच्या दोन दिवसांत त्यांनीच तोंडाने चिखल काढून केले होते, मी पाहिलं होतं, पण कशासाठी ते कळलं नव्हतं. एका खड्ड्यात काहीतरी वळवळत होतं. अंड्यातून निघालेली पिल्लं, अजून पोहता न येणारी. आईबाप त्यांना तोंडात घेऊन खड्ड्यात सोडत होते. दुसऱ्या दिवशी तीच पिल्लं दुसऱ्या खड्ड्यात होती. एकाच जागी ठेवत नाहीत.

२३ ला पिल्लं वर आली. आता रोज एक धुरकट ढग दोघांच्या मध्ये तरंगत असतो. एखादा खेकडा पायरीवर आला की दोघंही त्याच्यावर जातात. आणि पिल्लं मधूनच आईच्या, बापाच्या अंगाला टेकून पटकन मागे फिरतात. तोंड लावतात आणि सुटतात. हे मी तासभर बघत बसले होते, उठवेना.

आता विनंती. गेल्या वर्षी मार्चमध्ये याच पायरीवर अशीच जोडी होती. पिल्लं अशीच वर आलेली. ओळखीतल्या एका मुलाने पाग, म्हणजे हाताने फेकायचं जाळं, टाकला आणि दोन्ही मोठे मासे एकदम आले. पिल्लांचा ढग तिथेच, त्याच जागी फिरत राहिला. अर्ध्या तासात बाकीचे मासे आले. संध्याकाळी एकही पिल्लू उरलं नव्हतं. त्या मुलाला दोष देत नाही, मलाही तेव्हा नीट कळलं नव्हतं. पण आता कळलं आहे. खाडीत उथळ पाण्यात दोन कालुंदर जागा न सोडता उभे दिसले, तर तेवढ्या दोन-तीन आठवड्यांपुरते त्यांना सोडून द्याल का?


तिरफळ
२७ एप्रिल, रात्री १०.०२

ताई, फार सुंदर लिहिलंय. आमच्याकडे आजी काळुंदर म्हणायची. दादरला बाजारात क्वचित दिसला की मी घेतेच. आईबाप दोघंही सांभाळतात हे माहीत नव्हतं. पोटात गलबललं शेवटचा परिच्छेद वाचून.


पुण्याचा_टँकवाला
२७ एप्रिल, रात्री ११.२६

खाडीकाठची, वहीतल्या नोंदी अजून द्या, फोटो नसले तरी चालेल. दोन प्रश्न आहेत. एक, नर-मादी कशी ओळखलीत? दुसरा, आमच्याकडे उजनीची चिलापी (तिलापिया) येते, तीही सिक्लिडच ना? काही विक्रेते तीच कालुंदर म्हणून देतात. फरक कसा करायचा?


खाडीकाठची
२८ एप्रिल, सकाळी ७.४०

नर-मादी एरवी ओळखताच येत नाहीत. रंग, आकार, पर, सगळं सारखं. अंडी घालताना पोटाखालून बाहेर येणारी नळी मादीची जाड असते, तेवढाच भरवसा. मी ओळखलं ते कोण पुढे आणि कोण मागे यावरून. अंडी घालून झाल्यावर मलाही सांगता येत नाही कोण कोण आहे, म्हणून तर दोघं सारखंच काम करतात हे लक्षात यायला वेळ लागला.

चिलापीचं सोपं आहे. पोटाखाली, शेपटीच्या आधी जो पर असतो त्यातले काटे मोजा. चिलापीला तीन. बहुतेक सगळ्या सिक्लिडांना तीनच असतात. कालुंदराला बारा-तेरा! मासा हातात घेऊन त्या बाजूने अंगठा फिरवला तर कळतं, करवत लागते. एट्रोप्लस हे नावसुद्धा ग्रीकमधल्या पोट आणि शस्त्र या दोन शब्दांवरून आहे. पोटाशी हत्यार बांधलेला. कोळणींना हे नाव कुणी सांगितलेलं नाही, पण त्या कालुंदर नेहमी डोक्याकडून धरतात.

मासा साफ करत असाल तर अजून तीन गोष्टी बघा. नाकाला प्रत्येक बाजूला एकच भोक, इतर बहुतेक माशांना दोन-दोन असतात. कल्ले काढताना घशात आत दातांची जोडी लागते, म्हणजे तोंडातल्या जबड्याशिवाय घशात दुसरा जबडा. या दोन गोष्टी चिलापीतही मिळतील, सगळ्या सिक्लिडांची ती खूण आहे. तिसरी, आतडं. ते वेटोळी घालून लांबच लांब निघतं. गवत खाणाऱ्या जनावरासारखं. शेवाळ पचवायला लांब आतडं लागतं.

पिल्लं मात्र शेवाळावर जगत नाहीत, ती पाण्यातले बारीक जीव आणि किड्यांच्या अळ्या खातात.


डेक्कन_बेसाल्ट
२८ एप्रिल, दुपारी १.१५

भूशास्त्राचा विद्यार्थी म्हणून या माशाशी माझी ओळख वेगळ्या वाटेने झाली. कालुंदराचे सगळ्यात जवळचे नातलग भारतात नाहीत, आफ्रिकेच्या मुख्य भूमीवरही नाहीत. ते मादागास्करमध्ये आहेत, पॅरेट्रोप्लस नावाची प्रजाती. आपले तीन आणि ते मिळून सिक्लिडांच्या झाडाची अगदी बुंध्याजवळची एक फांदी होते.

भारत आणि मादागास्कर एकेकाळी जोडलेले होते आणि सुमारे ८.८ कोटी वर्षांपूर्वी फुटून वेगळे झाले. त्यामुळे अनेकांनी सरळ अर्थ लावला की या माशांचे पूर्वज तेव्हा त्या एका भूभागावर होते, जमीन फाटली आणि मासेही वाटले गेले. हे खरं धरलं तर कालुंदराचे पूर्वज भारताच्या तुकड्यावर बसून उत्तरेकडे आले, आणि वाटेत ६.६ कोटी वर्षांपूर्वी दख्खनचे लाव्हा वाहिले तेही त्यांनी सोसले. ज्या जांभ्याच्या पायरीवर ताईंनी अंडी पाहिली, तो जांभासुद्धा आपल्या भागात बऱ्याच ठिकाणी त्याच लाव्हाचा खडक झिजून, कुजून झालेला आहे. मला हा विचार फार आवडतो.

पण मोठी अडचण आहे. सिक्लिडांचे सगळ्यात जुने जीवाश्म टांझानियातल्या महेंगे इथले, वय सुमारे ४.६ कोटी वर्षं. त्याआधीचं काहीच सापडलेलं नाही. मासा एवढा जुना असता तर मधल्या चार कोटी वर्षांत कुठेतरी हाड सापडायला हवं होतं, असं दुसऱ्या बाजूचं म्हणणं. त्यांच्या मते हे मासे बऱ्याच नंतर समुद्र ओलांडून पसरले. आणि कालुंदर खारं पाणी सोसतो, मादागास्करच्या नातलगांतही किनाऱ्यालगत मचूळ पाण्यात राहणारा आहे, हे बघता ती शक्यता उडवून लावता येत नाही. जनुकांवरून काळ मोजणाऱ्यांचीही दोन्हीकडे उत्तरं आली आहेत. वाद चालू आहे. माझा कल अजून जमिनीच्या बाजूने आहे, पण जीवाश्मांची ती पोकळी मला खुपते.


तिरफळ
२८ एप्रिल, दुपारी २.३०

नावात सुरत कुठून आली मग? सुरतेला मिळतो का?


डेक्कन_बेसाल्ट
२८ एप्रिल, दुपारी ३.०५

बर्लिनमध्ये मार्कुस ब्लोख नावाचे डॉक्टर होते, माशांचे मोठे अभ्यासक. जगभरातून त्यांच्याकडे मासे यायचे. १७९० मध्ये त्यांनी या माशाचं वर्णन केलं आणि मासा ज्या ठिकाणाहून आला असं सांगितलं गेलं, ते सुरत नावात घातलं. त्यांनी त्याला समुद्रातल्या फुलपाखरी माशांत टाकलं होतं, तसा दिसतोच तो चपटा. एट्रोप्लस ही वेगळी प्रजाती नंतर, १८३० मध्ये फ्रान्सच्या क्युव्हिए यांनी केली. सुरत नावात राहिली ती राहिलीच. खरा पसारा आपल्या किनाऱ्यापासून खाली गोवा, कारवार, केरळ, पलीकडे तमिळनाडू, आंध्र, ओडिशातलं चिलिका आणि श्रीलंका.


कोचीहून_मनीषा
२८ एप्रिल, रात्री ८.५०

मी अकरा वर्षं कोचीत राहते आहे. इथे तोच मासा करीमीन. २०१० मध्ये केरळने त्याला राज्याचा मासा केलं. केळीच्या पानात गुंडाळून भाजलेला करीमीन पर्यटकांना माहीत असतो, पण मला इथल्या मच्छीमारांकडून त्याचा स्वभाव कळला तो जास्त महत्त्वाचा वाटतो.

वेंबनाड कायलमध्ये, म्हणजे इथल्या मोठ्या मचूळ पाण्याच्या सरोवरात, त्याला धरायची एक जुनी पद्धत आहे, वेल्लवली. लांब दोरीला नारळाची कोवळी, पांढरट पिवळी पानं बांधतात आणि ती दोरी दोन बाजूंनी पाण्यातून ओढत आणतात. करीमीन त्या पांढऱ्या पानांना घाबरतो, पण लांब पळत नाही. तळाच्या चिखलात तोंड खुपसून बसतो. मग मागून येणारा माणूस बुडी मारतो आणि हाताने उचलतो. जाळं नाही, गळ नाही.

म्हणजे जागा धरून राहणं हा त्याचा स्वभावच आहे, आणि माणसाने तो नेमका ओळखला. अंड्यांवर असताना तर तो मुळीच हलत नाही.

दुसरी बाजूही सांगते. मुहम्माच्या आसपास मच्छीमारांनीच कायलमध्ये काही जागा राखून ठेवल्यात. तिथे बांबू रोवतात, झाडांच्या फांद्या टाकतात. तेवढ्या जागेत मासेमारी करायची नाही. फांद्यांमुळे जाळं टाकताही येत नाही. करीमीनला अंडी चिकटवायला टणक, स्वच्छ पृष्ठभाग लागतो, तो त्या बांबूंवर मिळतो. ताई, तुमच्या फाट्यात असं काही करता येईल का?


गरीवालो
२९ एप्रिल, पहाटे ५.२०

ताये, तुजा सगळा वाचलंय. माझो बापूस पागान मासे धरी, मीय धरतंय. जोडी पिल्लां घेवन आसली काय ती पळणा नाय, म्हणान ती पयली गावता. ह्या आमका म्हायत आसा.

पुढचं प्रमाण भाषेत लिहितो, सगळ्यांना कळावं म्हणून. एप्रिल-मे महिन्यात घरी चाकरमानी आलेले असतात, हॉटेलवाले दारात येऊन कालुंदर मागतात. वर्षात चांगला भाव मिळायचे हेच दिवस. चांगल्या मापाची जोडी म्हणजे त्या दिवसाचा बाजार. मी सोडली तर मागून येणारा धरणार, हेही तुम्हाला ठाऊक आहे. त्यामुळे नुसतं सोडा म्हणणं सोपं आहे.

पण तुम्ही लिहिलं ते खोटं नाही. माझे वडील आमच्या बाजूच्या दगडी कुंपणाजवळ पाऊस लागेपर्यंत पाग टाकत नसत. कारण सांगायचे नाहीत. मी विचारलं तर म्हणायचे, थंय बियाणा आसा. मला वाटायचं देवाधर्माचं काही असेल. काल रात्री तुमचं वाचून समजलं ते कशाबद्दल बोलत होते.

अजून एक लिहा तुमच्या वहीत. वरच्या अंगाला वाळू उपसायचे पंप सुरू झाले की आठवडाभर पाणी निवळत नाही. तेव्हा दगडांवर बोटभर गाळ बसतो. त्या दिवसांत मला एकही जोडी दगडावर दिसत नाही. पाग टाकणारा माणूस दोन मासे नेतो. गाळ सगळी खाडी नेतो.


खाडीकाठची
२९ एप्रिल, सकाळी ८.१५

भाऊ, थंय बियाणा आसा, हे वाक्य मी वहीच्या पहिल्या पानावर लिहिलं आहे.

तुमचं म्हणणं बरोबर आहे. मी विनंती लिहिली तेव्हा माझ्या ताटात त्या दिवशीचं जेवण होतं, आणि मासा धरणाऱ्याचं तो मासा आल्यावर ठरतं, हा फरक मी धरायला हवा होता. सगळ्या खाडीत सोडा असं म्हणणार नाही. तुमच्या वडिलांसारखं करू या का? फाट्यातल्या ठराविक तीन-चार जागा, पायऱ्या, जुनी कुंपणं, तरीचा धक्का, एवढ्या पाऊस लागेपर्यंत सोडायच्या. बाकी खाडी तुमची आहेच. आमच्या पायरीवर कुणी येणार नाही हे मी बघते.

गाळाचं तुम्ही सांगितलं ते अभ्यासकांच्या नोंदींशी जुळतं. श्रीलंकेच्या खाड्यांत ज्यांनी हा मासा वर्षानुवर्षं बघितला, त्यांनाही दिसलं की पाणी गढूळ असताना अंडी घालणं थंडावतं आणि पाणी निवळलं की पुन्हा सुरू होतं. अंड्यांवर गाळ बसला तर परांचा वारा कितीही घातला तरी ती गुदमरतात. आणि आईबाप पिल्लं डोळ्यांनी राखतात. दिसलंच नाही तर राखणार कसं?


पुण्याचा_टँकवाला
२९ एप्रिल, रात्री १०.४०

ताई, पिल्लं अंगाला तोंड लावून सुटतात असं लिहिलंत, त्याबद्दल सांगायचं राहिलं होतं. माझ्याकडे टाकीत कालुंदराचा धाकटा भाऊ आहे, नारिंगी क्रोमाइड. केरळात त्याला पल्लत्ती म्हणतात. बोटभर लांबीचा, पिवळा-नारिंगी, बाजूला एक काळा ठिपका. तीन भारतीय सिक्लिडांमधला हा दुसरा. तिसरा दक्षिण कन्नडच्या नेत्रावतीसारख्या नद्यांतला कॅनरा, तो मी अजून प्रत्यक्ष पाहिलेला नाही.

नारिंगीची पिल्लंही हेच करतात, आणि ते खाणं आहे. आईबापांच्या अंगावरचा बुळबुळीत थर ती टिपतात. पिल्लं सांभाळायच्या दिवसांत मोठ्यांच्या कातडीत तो थर तयार करणाऱ्या पेशी वाढतात, हे १९६० च्या दशकात संशोधकांनी तपासलं होतं. अमेझॉनमधला डिस्कस यासाठी जगभर प्रसिद्ध आहे, टाकी ठेवणारा प्रत्येक जण त्याचं कौतुक करतो. आपल्या खाडीतला मासा तेच करतो आणि आपण त्याला फक्त रव्यात घोळवतो, याचं मला खरंच वाईट वाटतं.

नारिंगीची अजून एक गोष्ट. धोका दिसला की आईबाप पोटाजवळचे पर झटकन उघडमीट करतात. पिल्लं सांभाळताना ते पर काळेभोर होतात, त्यामुळे ती हालचाल लांबून दिसते. पिल्लं एका क्षणात गोळा होऊन त्यांच्या खाली येतात. माझ्या मुलीने याला हाक मारणं असं नाव दिलंय. आवाज नाही, पण हाकच ती.

आणि या दोन भावांचं आपसातलं नातं तर फारच गुंतागुंतीचं आहे. श्रीलंकेत दोन्ही एकत्र राहतात. लहान नारिंगी मासे मोठ्या कालुंदराच्या अंगावरची, परांवरची बुरशी टिपून साफ करतात. कालुंदर त्यासाठी स्थिर उभा राहतो, पर पसरून देतो. १९७२ मध्ये यावर शोधनिबंध आला होता. पण तेच नारिंगी मासे संधी मिळाली की कालुंदराची अंडी आणि पिल्लंही खातात. म्हणजे एरवी ज्याला अंगावर येऊ द्यायचं, त्यालाच अंड्यांच्या दिवसांत हाकलायचं. माशाला प्रसंग ओळखता येतो, हे मला यात सगळ्यात मोठं वाटतं.


मानशीवरून
३० एप्रिल, संध्याकाळी ६.३०

आमचं गाव गोव्यात, मांडवीच्या काठच्या खाजणातलं, म्हणजे बांध घालून राखलेल्या सखल खारजमिनीतलं. बांधाला मानस, म्हणजे पाण्याचं दार, असते, भरतीला पाणी आत येतं, ओहोटीला फळ्या लावून जाळं बांधतात. कालुंदर तिथल्या पोयंत, म्हणजे दारामागच्या खोल डबक्यात, राहतो, मानशीच्या दगडी भिंतींना चिकटून. लहानपणी आम्ही भिंतीवर पालथे पडून बघायचो. चिलापी आली आणि ते कमी झाले, असं घरातले मोठे म्हणतात.

चिलापी त्याच घराण्यातली असूनही जागा कशी घेते? तिला अंडी चिकटवायला दगड लागत नाही का?


पुण्याचा_टँकवाला
३० एप्रिल, रात्री ९.५५

नेमकं तेच. भारतात पहिली आलेली चिलापी आफ्रिकेतली, मोझांबिकची. १९५२ मध्ये मुद्दाम आणली, स्वस्त मासा मिळावा म्हणून. तिची तऱ्हा अगदी उलटी. नर तळाला खड्डा करतो, मादी येऊन अंडी घालते आणि लगेच तोंडात घेते. पुढे दीड-दोन आठवडे पिल्लं तिच्या तोंडात. नराचा काहीच संबंध नाही, तो दुसऱ्या मादीची वाट बघत खड्ड्यावर थांबतो. पाणी गढूळ झालं, दगड गाळाखाली गेला, जागा बदलावी लागली, तरी तिचं काही अडत नाही. ती अंडी घेऊनच निघून जाते. वर्षातून अनेक वेळा अंडी घालते आणि बोट-दीड बोट लांबीची असतानाच सुरुवात करू शकते.

कालुंदराला दोघं लागतात, दगड लागतो, निवळ पाणी लागतं आणि तीन आठवड्यांची शांतता लागते. जिथे यातलं काही मिळत नाही तिथे चिलापी जिंकणारच.


कोचीहून_मनीषा
१ मे, सकाळी ९.००

याला एक जोड. चेन्नईच्या केंद्रीय खारपाणी मत्स्यसंशोधन संस्थेने कालुंदराचं बी तयार करण्याचं तंत्र बसवलं आहे, इथे छोट्या घरगुती हौदांतूनही लोक पिल्लं काढतात. अडचण हीच की एक जोडी एका वेळी पिल्लं देते ती काहीशे किंवा हजार-दोन हजार, लाखांनी नाही. शिवाय जोडी स्वतः जमली पाहिजे. आपण दोन मासे उचलून एकत्र ठेवले म्हणून ते जोडपं होत नाहीत. म्हणून बरेच जण लहान मासे एकत्र वाढवतात, आपोआप जोड्या जमू देतात आणि मग वेगळ्या करतात.


खाडीकाठची
६ मे, रात्री ८.२०

नोंदी. पिल्लं आता तांदळाच्या दाण्याएवढी, पट्टे दिसायला लागले आहेत. ढग विरळ झालाय. सकाळी जोडीचा फेरा पायरीपासून समोरच्या तिवरांच्या मुळांपर्यंत जातो आणि भरतीबरोबर परत येतो. पूर्वी हातभर जागा सोडत नव्हते. काल एक खंड्या तिवरावर बसला होता, तर मोठ्या माशांपैकी एक आडवा झाला आणि सगळी पिल्लं त्याच्या सावलीत गेली. टँकवाला, तुम्ही म्हणता तशी परांची हाक दिसते का ते बघत होते, वरून नीट दिसलं नाही.

मनीषाताई, मुलांनी मिळून फाट्यात पाच जुने बांबू रोवले आणि नारळाच्या चुडतांचे दांडे बांधले. कुणी घर करतं का बघू.


खाडीकाठची
१९ मे, सकाळी ७.०५

आज मोजायचा प्रयत्न केला. सुकती होती, पाणी काचेसारखं. तीनदा मोजली, तीस ते पस्तीसच्या मध्ये आकडा आला. नखाएवढी झालीत. काहीशे होती त्यातली एवढी. आईबाप अजून बरोबर आहेत, पण पिल्लं आता अंगाला टेकायला क्वचित जातात, स्वतःच दगडांवर चरतात.

बांबूंवर अजून कुणी नाही.


गरीवालो
१९ मे, रात्री ९.४५

ताये, परवा पाग टाकूक इलंय तेवा तुमच्या पायरीच्या वरच्या अंगाक गेलंय. बाकीच्यांकाय सांगलंय. दोघे ऐकले, एक नाय ऐकूक.

तरीच्या जुन्या धक्क्याखाली आणखी एक जोडी आसा. पिल्लां तुमच्यापेक्षा ल्हान, अजून खड्ड्यातच आसत. पाणी निवळ आसा तोपर्यंत येवन बघा. वही घेवन येवा.